घर सोडलं म्हणून हक्क सुटत नाही

दरवर्षी पावसाळ्याच्या तोंडावर म्हाडा मुंबई शहरातल्या अतिधोकादायक उपकरप्राप्त, म्हणजे सेस भरणाऱ्या जुन्या, इमारतींची यादी जाहीर करते. यादीत नाव आलेल्या इमारतींतली काही बिऱ्हाडं हलतात, बरीच हलत नाहीत. राहणाऱ्यांना धोका कळत नाही असं नाही. जिन्याखालचे टेकू त्यांना रोज दिसतात. पण ‘एकदा बाहेर पडलो की खोली गेली’ ही धास्ती स्लॅबच्या भीतीवर मात करते. या धास्तीमागे कायद्याबद्दलचे बरेच गैरसमज आहेत. मालकावर दुरुस्तीचं बंधन आहे का, त्याला कोर्टात खेचता येतं का, भाडं थांबवावं का, याबद्दल चाळीच्या गॅलरीत जे सल्ले मिळतात, ते पुष्कळदा अर्धेच खरे असतात. त्या अर्ध्या खऱ्यापायी लोकांनी घरं गमावली आहेत आणि जीवही गमावले आहेत. म्हणून एकेक गैरसमज तपासून पाहू.

गैरसमज : भाडं महिना अडीचशे रुपये, एवढ्याशा भाड्यात मालकावर दुरुस्तीचं बंधन नसतं.

वस्तुस्थिती : बंधन आहे. महाराष्ट्र भाडे नियंत्रण कायदा 1999 हा 31 मार्च 2000 पासून लागू झाला. त्याच्या कलम 14 नुसार जागा राहण्याजोग्या स्थितीत ठेवणं हे मालकाचं कर्तव्य आहे. भाडं किती, यावर ते अवलंबून नाही. अपवाद एकच : दुरुस्ती भाडेकरूने करायची असं करारात कबूल केलेलं असेल तर. म्हणून जुना करारनामा असेल तर तो आधी बाहेर काढून वाचावा.

भाडं फार कमी आहे, ही मालकांची तक्रार खोटी नाही. जुन्या कायद्याने भाडी दशकानुदशकं गोठवून ठेवली होती आणि 1997 च्या अखेरीस सर्वोच्च न्यायालयानेही त्या तरतुदी आता न्याय्य राहिल्या नाहीत असं म्हटलं. त्यानंतर आलेल्या 1999 च्या कायद्याने वर्षाला 4 टक्के भाडेवाढीची मुभा दिली. ही वाढ कमी वाटत असेल तर मालकांनी सरकारशी जरूर भांडावं. पण त्या भांडणाची किंमत भाडेकरूच्या डोक्यावरच्या छताने मोजायची, हे कायद्याला मान्य नाही.

एक गोष्ट मात्र ध्यानात ठेवायला हवी. सरकारच्या किंवा स्थानिक संस्थेच्या मालकीच्या जागांना हा कायदा लागू नाही. तिथे राहणाऱ्यांची बाजू म्हणूनच जास्त लंगडी पडते. 27 सप्टेंबर 2013 रोजी डॉकयार्ड रोडजवळची बाबू गेनू मंडईची इमारत कोसळून 61 जणांचा बळी गेला. ती इमारत खुद्द मुंबई महापालिकेची होती आणि वरच्या मजल्यांवर महापालिकेचेच कर्मचारी कुटुंबांसह राहत होते.

गैरसमज : मालक दुरुस्ती करत नाही ना? मग भाडं बंद करा, आपोआप ताळ्यावर येईल.

वस्तुस्थिती : हा सल्ला सगळ्यांत घातक आहे. भाडेकरू भाडं भरतो आहे किंवा भरायला तयार आहे, हेच कायद्याने त्याला दिलेलं मुख्य कवच आहे. भाडं थकलं की मालकाला 90 दिवसांची नोटीस देऊन जागा खाली करून घेण्याचा दावा लावता येतो. दाव्याचं समन्स मिळाल्यापासून 90 दिवसांत थकबाकी 15 टक्के सरळ व्याजासह भरली आणि पुढेही नियमित भरत राहिलं तर बचाव होतो. पण तोवर दुरुस्तीचा मुद्दा बाजूला पडतो आणि ज्याने फिर्यादी व्हायचं तो भाडेकरूच आरोपीसारखा उभा राहतो.

कायद्याने दाखवलेली वाट वेगळी आहे. मालकाला लेखी नोटीस द्यायची. ती मिळाल्यापासून 15 दिवसांत त्याने दुरुस्ती केली नाही, तर भाडेकरूंनी एकट्याने किंवा मिळून ती करून घ्यायची आणि खर्च भाड्यातून वळता करायचा. हिशेब आणि पावत्या नीट ठेवल्या तर तो खर्च मालकावर बंधनकारक ठरतो. पण याला मर्यादा आहे : एका वर्षात वर्षाच्या भाड्याच्या एक चतुर्थांशाहून जास्त रक्कम वळती करता येत नाही. महिना 250 रुपये भाडं धरा. वर्षाचे झाले 3,000, म्हणजे वळते करता येतील फक्त 750. एवढ्यात फुटकी मोरी किंवा गळका नळ दुरुस्त होईल. सडलेली तुळई बदलणार नाही. तेव्हा किरकोळ कामांना ही तरतूद वापरावी आणि मोठ्या कामांसाठी कोर्ट, महापालिका किंवा म्हाडा गाठावी.

मालक भाडं घ्यायलाच नकार देत असेल तर ते मनीऑर्डरने पाठवावं. परत आलेल्या मनीऑर्डरचा कागद जपून ठेवावा. ‘मी भरायला तयार होतो’ याचा तोच पुरावा.

गैरसमज : कोर्टात जाऊन काय उपयोग? निकाल नातवंडांच्या काळात लागेल.

वस्तुस्थिती : अंतिम निकालाला वर्षं लागतात, हे खरं. पण सगळा लाभ अंतिम निकालातच असतो असं नाही. मालक-भाडेकरू वादांसाठी मुंबईत लघुवाद न्यायालय आहे. त्याची मुख्य इमारत धोबी तलावाला आहे. जिथे असं न्यायालय नाही तिथे हे दावे कनिष्ठ स्तर दिवाणी न्यायाधीशांपुढे चालतात. तिथे दुरुस्तीचा आदेश मागता येतो आणि दावा चालू असताना अंतरिम आदेशही मागता येतो. पाणी, वीज, जिन्यातले दिवे, लिफ्ट, सफाई यांपैकी काही मालकाने मुद्दाम तोडलं, तर कलम 29 खाली ते पुन्हा सुरू करून घेता येतं. दोषी ठरल्यास मालकाला तीन महिन्यांपर्यंत कैद किंवा दंड, किंवा दोन्ही होऊ शकतात. खोली खाली करून घेण्यासाठी पाणी बंद पाडणाऱ्याला म्हणूनच घाबरायचं कारण नाही.

खरी अडचण पुराव्याची असते. ‘दहा वर्षं सांगतोय साहेब’ या वाक्याला कोर्टात वजन नाही. स्पीड पोस्टाने पाठवलेल्या एका नोटिशीला आहे. भाडेपावत्या, तारीख दिसेल असे फोटो, वॉर्ड ऑफिसात दिलेल्या अर्जाची शिक्का मारलेली प्रत, आणि शक्य असेल तर मान्यताप्राप्त स्ट्रक्चरल इंजिनिअरचा अहवाल, एवढं फाइलला लागलेलं असेल तर वकिलाचं निम्मं काम होतं. वकील परवडत नसेल तर जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडे जावं. महिलांना आणि अनुसूचित जाती-जमातींच्या व्यक्तींना तिथे उत्पन्न कितीही असलं तरी मोफत वकील मिळू शकतो.

गैरसमज : आम्ही सेस भरतो, म्हणजे इमारतीचं सगळं म्हाडाने बघायचं.

वस्तुस्थिती : उपकराची ही व्यवस्था फक्त मुंबई शहरातली, म्हणजे कुलाब्यापासून माहीम-शीवपर्यंतची आहे आणि तीही 30 सप्टेंबर 1969 पूर्वी बांधलेल्या खासगी भाड्याच्या इमारतींपुरती. सुरुवातीला अशा 19,642 इमारती होत्या. त्यांच्या आधारभूत दुरुस्तीचं काम म्हाडाच्या दुरुस्ती व पुनर्रचना मंडळाकडे आहे. पण खर्चाला चौरस मीटरमागे मर्यादा असते आणि त्यावरचा भार रहिवाशांना उचलावा लागतो. रोजच्या देखभालीतून मालक सुटत नाही. अंधेरी, ठाणे, भिवंडी किंवा पुण्यातल्या वाड्यात राहणाऱ्याला तर ही सोय नाहीच. मुंबई उपनगरांत महापालिका कायद्याच्या कलम 354 खाली आणि राज्यातल्या बहुतेक इतर महापालिकांत त्यांच्या कायद्याच्या कलम 264 खाली धोकादायक बांधकामावर नोटीस निघते. नोटीस निघत नसेल तर ती काढा म्हणून रहिवाशांनी लेखी मागणी करावी.

गैरसमज : अकरा महिन्यांचं ॲग्रीमेंट असलं की रजिस्ट्रेशन लागत नाही, आणि त्या भाडेकरूला कसलाच हक्क नसतो.

वस्तुस्थिती : दोन्ही चुकीचं. मुदत कितीही असो, महाराष्ट्रात भाड्याचा किंवा लिव्ह अँड लायसन्सचा करार लेखी आणि नोंदणीकृत असावाच लागतो आणि ती जबाबदारी मालकाची. तो नोंदवलेला नसेल आणि वाद झाला, तर अटींबद्दल राहणाऱ्याचं म्हणणं खरं धरलं जातं. खोटं ठरवण्याचा भार मालकावर येतो.

लायसन्सवर राहणाऱ्याला पागडीच्या भाडेकरूसारखं संरक्षण नाही, हे खरं. मुदत संपली की जागा सोडावी लागते. त्याची ताकद करारात असते. म्हणून सही करण्याआधी गळती, वायरिंग, गॅस गिझर, बाल्कनीचं रेलिंग यांची दुरुस्ती कोण करणार आणि किती दिवसांत, हे करारात लिहून घ्यावं. घर सोसायटीत असेल तर गच्ची, बाहेरच्या भिंती, खांब ही सोसायटीची बाब. आदर्श उपविधींनुसार 15 ते 30 वर्षांच्या इमारतीचं दर 5 वर्षांनी आणि त्याहून जुन्या इमारतीचं दर 3 वर्षांनी स्ट्रक्चरल ऑडिट व्हायला हवं. ते झालं आहे का, हे घरमालकाला विचारायला संकोच करू नये.

गैरसमज : मालकाच्या इंजिनिअरने इमारत पडायला आली म्हणून लिहून दिलं, म्हणजे विषय संपला.

वस्तुस्थिती : मुंबईत इमारतींचे वर्ग ठरलेले आहेत. सी-1 म्हणजे तातडीने खाली करून पाडायची. सी-2ए म्हणजे रिकामी करून मोठी दुरुस्ती करायची, सी-2बी म्हणजे लोक राहत असतानाच आधारभूत दुरुस्ती करायची आणि सी-3 म्हणजे किरकोळ दुरुस्ती. दुरुस्त होऊ शकणारी इमारत सी-1 ठरवून घेण्यात पुनर्विकास करणाऱ्याचं हित असू शकतं. म्हणून रहिवाशांना आपल्या इंजिनिअरकडून स्वतंत्र ऑडिट करून घेता येतं. दोन अहवाल जुळले नाहीत तर प्रकरण महापालिकेच्या तांत्रिक सल्लागार समितीपुढे जातं.

पण ही सोय वेळ काढण्यासाठी नाही. आपल्या घराकडे आपणही नीट पाहावं. आरसीसी इमारतीत पाणी मुरून आतल्या सळया गंजतात. गंजलेलं लोखंड फुगतं आणि वरचं काँक्रीट ढकलून देतं. पोपडे पडतात ते त्यामुळे. नुसतं प्लास्टर मारून रंग काढला की ती जागा झाकली जाते, गंज आत चालूच राहतो. जुन्या सागवानी चाळीत तुळईचं भिंतीत शिरलेलं टोक तपासावं, विशेषतः सार्वजनिक संडास-मोरीकडच्या बाजूला. वर्षानुवर्षांच्या ओलीने कुजतं ते टोक आणि नेमकं तेच नजरेआड असतं. दारं अचानक घट्ट लागू लागली, भिंतीतली भेग रुंदावत चालली, छतातून माती झरू लागली, तर समितीच्या तारखेची वाट पाहू नये.

गैरसमज : जागा सोडली किंवा इमारत पाडली, की भाडेकरूचा हक्क संपला.

वस्तुस्थिती : संपत नाही. महाराष्ट्रातल्याच एका प्रकरणात 2014 साली सर्वोच्च न्यायालयाच्या तीन न्यायमूर्तींच्या पीठाने स्पष्ट केलं, की महापालिकेने इमारत पाडली म्हणून भाडेकरूपण नष्ट होत नाही, कारण भाडेकरूचा हक्क भिंतींपुरता नसून खालच्या जमिनीशीही जोडलेला असतो. त्याच वर्षी मुंबई उच्च न्यायालयाने धोकादायक इमारतींबाबत कार्यपद्धती घालून दिली. इमारत खाली करण्याआधी कोण कुठल्या खोलीत राहतं आणि तिचं क्षेत्रफळ किती, याची नोंद महापालिकेने करायची, म्हणजे पुढे पुनर्बांधणीत त्या हक्कावर दावा सांगता येतो. त्याच कार्यपद्धतीनुसार सी-1 इमारत सोडायला नकार देणाऱ्यांचं पाणी आणि वीज महापालिका रीतसर तोडू शकते. मालकाला जे करता येत नाही, ते तिथे प्रशासन जीव वाचवण्यासाठी करतं.

हक्क शाबूत राहिला म्हणजे पर्यायी छप्पर मिळालं असं मात्र नाही. उपकरप्राप्त इमारतींतल्या लोकांसाठी म्हाडाची संक्रमण शिबिरं आहेत आणि तिथे गेलेली कित्येक कुटुंबं वर्षानुवर्षं परतीची वाट पाहत राहिली आहेत. बाकीच्यांना सोय बहुधा स्वतःच करावी लागते. लोकांची भीती हवेतून आलेली नाही. 2020 च्या दुरुस्तीने म्हाडा कायद्यात आलेलं कलम 79-अ याच दुखण्यावर आहे. आधी मालकाला, मग भाडेकरूंच्या संस्थेला पुनर्विकासाची संधी आणि तेही न झाल्यास म्हाडाने इमारत ताब्यात घ्यायची, अशी त्याची रचना आहे. त्याखालच्या नोटिसांना न्यायालयात आव्हानं दिली गेली आहेत, म्हणून आपल्या इमारतीपुरती आजची स्थिती वकिलाकडून समजून घ्यावी.

31 ऑगस्ट 2017 रोजी भेंडी बाजारातली हुसैनी इमारत कोसळली. काही कुटुंबं आधीच दुसरीकडे हलली होती, उरलेली तिथेच राहिली होती. तीसहून अधिक माणसं गेली. आधी बाहेर पडलेल्यांचा हक्क कायद्यात शिल्लक राहतो. ढिगाऱ्याखाली गेलेल्या माणसाला तो कुठल्याही कोर्टातून परत मिळत नाही.

म्हणून खोलीला धरून बसण्याऐवजी कागदाला धरून बसावं. जुन्यातली जुनी आणि ताजी अशा दोन्ही भाडेपावत्या, रेशनकार्ड, वीजबिल, खोलीचा मोजलेला नकाशा आणि महापालिकेच्या यादीतल्या आपल्या नोंदीची प्रत यांचा एक संच नातेवाइकाकडे ठेवावा आणि एक मोबाइलमध्ये. कोऱ्या कागदावर सही करू नये. ‘हक्क सोडतो’ असं लिहिलेल्या कागदावर तर मुळीच नाही. नोटीस मजल्यावरच्या सगळ्यांनी मिळून द्यावी, कारण एकट्या भाडेकरूला मालक दमात घेऊ शकतो, पूर्ण चाळीला नाही. आणि इंजिनिअरने निघा म्हटलं, की या संचासकट निघावं. सुरक्षित घर मागणं म्हणजे मालकाकडे मेहेरबानी मागणं नव्हे. तो कायद्याने दिलेला हक्क आहे आणि तो वसूल करायला माणूस आधी जिवंत राहिला पाहिजे.