चिमणराव, चेटकीण आणि आबा

स्नेहसंमेलनाच्या नाटकात राजा व्हायला सगळे तयार असतात. वाट्याला म्हातारा किंवा चेटकीण आली, की मूल रुसते. (कधी कधी पालकही!) म्हणून आज ओळख करून घेऊ या अशाच भूमिकांवर उभे राहिलेल्या एका नटाची. त्यांचे नाव दिलीप प्रभावळकर.

त्यांचा जन्म ४ ऑगस्ट १९४४ चा. नायकाची देखणी भूमिका न करता निरनिराळ्या स्वभावाची, वयाची माणसे जो उभी करतो, त्याला चरित्र अभिनेता म्हणतात. रत्नाकर मतकरींच्या 'अलबत्या गलबत्या' या बालनाट्यात प्रभावळकर चेटकीण झाले होते. पुढे १९७० च्या दशकाच्या अखेरीस मुंबई दूरदर्शनवर ते चिमणराव झाले आणि घराघरांत पोहोचले. धांदरट, भित्रा चिमणराव आणि बाळ कर्वे यांचा दणकट गुंड्याभाऊ ही जोडी आजी-आजोबांना विचारा, लगेच हसतील. आपल्याला विशेष आनंद याचा, की चिमणरावाचे जनक चि. वि. जोशी हे आपल्या बडोद्याचे, तेथे पाली भाषेचे प्राध्यापक होते.

अशा यशात एक धोका असतो. लोक नटाला त्याच भूमिकेच्या नावाने हाक मारू लागतात आणि कामेही तशीच येतात. प्रभावळकर त्यात अडकले नाहीत. 'हसवाफसवी' हे नाटक त्यांनी स्वतः लिहिले आणि त्यात सहा भूमिका केल्या. नुसता टोप आणि कपडे बदलून हे साधत नाही. प्रत्येक माणसाची चाल, आवाज, बोलताना थांबण्याची सवयसुद्धा वेगळी लागते, आणि विंगेत जाऊन परत येईपर्यंतच्या थोड्या वेळात आधीचा माणूस अंगातून पूर्ण काढून टाकावा लागतो.

पण मला सर्वांत अवघड वाटते ते दुसरेच. जयवंत दळवींच्या 'नातीगोती' नाटकात ते मतिमंद मुलाचे वडील होते, तर १९९१ च्या 'चौकट राजा' चित्रपटात स्वतः तसा नंदू झाले. आधी बापाचे दुःख, मग त्या मुलाचे मन! अशी भूमिका जरा वाढली, की प्रेक्षक त्या मुलालाच हसतात. नंदूला कोणी हसत नाही.

२००१ साली अल्फा टीव्ही मराठीवर 'श्रीयुत गंगाधर टिपरे' ही मालिका सुरू झाली. वर्तमानपत्रातील त्यांच्याच 'अनुदिनी' या सदरावर ती आधारलेली होती. त्यातले आबा झाले तेव्हा त्यांनी साठीही गाठलेली नव्हती! २००६ च्या 'लगे रहो मुन्नाभाई'मध्ये ते गांधीजी झाले, आणि त्या वर्षीचा सहायक अभिनेत्याचा राष्ट्रीय पुरस्कार त्यांना मिळाला. 'झपाटलेला'तला दुष्ट तात्या विंचूही तेच, हे मुलांना सांगितले तर पटत नाही.

सप्टेंबर २०२५ मध्ये 'दशावतार' चित्रपट आला. त्यात कोकणातल्या बाबुली मेस्त्री या दशावतारी कलावंताची मुख्य भूमिका त्यांनी केली. तेव्हा त्यांना ८१ वर्षे पूर्ण झाली होती.