मेहकरची शीळ

तानसेनाने म्हणे भरदुपारी रात्रीचा राग आळवला आणि त्याचा आवाज पोचला तिथवर काळोख दाटला. कंपनी सरकारच्या काळात इंग्रजांनीही ही दंतकथा टिपून ठेवली. पुढे पंडित भातखंड्यांनी रागांच्या वेळांची शिस्तशीर मांडणी केली. कोमल रिषभाचे मारवा, पूरिया दिवेलागणीला, भैरव पहाटे. पण शास्त्रात वेळ रागाला बांधून घेते. गाण्याने वेळेलाच वाकवायचं, हे फक्त गोष्टीत.

अशी एक गोष्ट बुलढाणा जिल्ह्यातल्या मेहकरात लिहिली गेली. ना. घ. देशपांडे यांचा जन्म 1909 चा. विशीच्या आसपास त्यांनी ‘शीळ’ ही कविता लिहिली. रानारानांतून घुमणारी प्रियकराची शीळ आणि ती ऐकून कासावीस झालेली एक मुलगी, एवढाच ऐवज. तिची तक्रार लाडिक आहे: याला वेळ-अवेळ काही कळतच नाही! घरची कामं, लोकांची नजर, दिवसाची शिस्त, सगळं त्या शिळेपुढे लटकं पडतं. तानसेनाला काळोख करायला रात्रीचा राग लागला. मेहकरच्या या रायाला नुसते ओठ पुरले.

1930 नंतरच्या दोन-तीन वर्षांत जी. एन. जोशी यांनी ही कविता एचएमव्हीच्या तबकडीवर गायली. मराठी भावगीताचा आरंभ बहुतेक जण या तबकडीपासून धरतात. नाट्यपदाची तान-पलट्यांची हौस बाजूला ठेवून कवितेच्या शब्दांना चाल द्यायची, हे तेव्हा नवं होतं. अठ्ठ्याहत्तर फेऱ्यांच्या त्या तबकडीची एक बाजू जेमतेम सव्वातीन मिनिटं चाले. ख्यालगायकाला ती कोंडी वाटली असेल, भावगीताच्या मात्र ती पथ्यावर पडली. कारण कवितेची दोन-तीन कडवी तेवढ्यात नेमकी मावतात.

काळाशी खेळण्याची खरी गंमत ग्रामोफोनच्या यंत्रातच होती. चावी भरायची, पोलादी सुई टेकवायची. चावी पुरेशी भरली नसेल तर गाणं मध्येच रेंगाळू लागे, स्वर खाली उतरत जाई आणि कोवळा आवाज घोगरा होई. मग कुणीतरी धावत जाऊन हँडल फिरवलं की गायक पुन्हा तरुण! गाण्याचं वय असं हाताने कमी-जास्त करता येणं ही साधी करामत नव्हे.

गाणं गाजलं, पण कवितासंग्रह यायला 1954 उजाडलं. संग्रहाचं नावही ‘शीळ’च. म्हणजे लोकांच्या ओठी गाणं आधी आणि हाती पुस्तक वीसेक वर्षांनी, असा उलटा हिशेब. ना. घ. मात्र मेहकर सोडून मुंबई-पुण्याकडे धावले नाहीत. वकिली केली आणि सवडीने, कमी लिहिलं. ‘अभिसार’, ‘खूणगाठी’ असे संग्रह आले. 1986 साली ‘खूणगाठी’ला साहित्य अकादमीचा पुरस्कार मिळाला. माझ्या मते तो फारच उशिरा मिळाला.

गायकाची वाट वेगळीच निघाली. जोशी पुढे एचएमव्हीतच नोकरीला लागले आणि इतरांची गाणी ध्वनिमुद्रित करू लागले. 1967 मध्ये त्यांच्या निर्मितीतून ‘कॉल ऑफ द व्हॅली’ ही लाँगप्ले तबकडी आली. शिवकुमार शर्मांचं संतूर, ब्रिजभूषण काब्रांची गिटार, हरिप्रसाद चौरासियांची बासरी. कल्पना अशी की काश्मीरच्या खोऱ्यातल्या एका मेंढपाळाचा पहाटेपासून रात्रीपर्यंतचा दिवस रागांतून उलगडायचा. सुरुवात अहीर भैरवाने. मग उन्हं वर चढतात, पिलू येतो. सांजेला भूप, रात्री देस, शेवटी पहाडी. सारा दिवस चाळीसेक मिनिटांत गुंडाळलेला. ऐकणारा रात्री अकराला दिवाणखान्यात बसलेला असतो आणि कानांवर पहाट उतरत असते. रागसमयाचे नियम पाळूनच त्यांना बगल देणारी ही युक्ती. कर्मठांनी नाक मुरडलं असेल, तर मुरडू दे बापडे.

आता दोन्ही शेजारी ठेवून पाहा. एकीकडे रानात शीळ घालणारा राया, दुसरीकडे डोंगरात बासरी वाजवणारा मेंढपाळ. दोघेही कल्पनेतले. मधे पस्तीसेक वर्षं, आणि दोन्ही ठिकाणी नाव जोशींचंच. एका ठिकाणी त्यांनी गायलेली शीळ वेळेचा बांध मोडते, दुसऱ्या ठिकाणी त्यांनी काढलेली तबकडी दिवसाचे प्रहर ओळीने मांडते. हा धागा जोशींनी जाणूनबुजून विणला असं मी म्हणणार नाही. पण मागे वळून पाहताना तो नजरेआड करणंही जड जातं.

ना. घ. 10 मे 2000 रोजी गेले. ‘शीळ’ आजही मोबाइलवर फिरते, पण पुष्कळदा गायकाच्या नावानेच. ती पुढे पाठवाल तेव्हा खाली एवढं जरूर लिहा: कवी ना. घ. देशपांडे, मेहकर, जिल्हा बुलढाणा.