ड्रमरने एकही ठोका दिला नाही, तरी रचनेवर त्याचं नाव लागलं

२३ नोव्हेंबर १९७३ ची रात्र. ॲमस्टरडॅमच्या कॉन्सर्टखेबाव या सभागृहात किंग क्रिमसन या ब्रिटिश रॉक बँडचा कार्यक्रम चालू होता. मध्येच, आधी काहीही ठरलेलं नसताना, व्हायोलिनवर एक हळुवार सुरावट सुरू झाली. मग त्यात बास गिटार आली, मेलोट्रॉन आला. मेलोट्रॉन म्हणजे पेटीसारख्या पट्ट्या असलेलं वाद्य, ज्यात प्रत्येक पट्टी दाबली की आतला टेपचा एक तुकडा वाजतो.

ड्रमर बिल ब्रुफर्ड मात्र थांबला. इथे ड्रम घुसवले तर सगळं बिघडेल, असं त्याला वाटलं. हातातल्या काठ्या छातीशी धरून तो शेवटपर्यंत तसाच बसून राहिला.

पुढच्या वर्षी हे साडेपाच मिनिटांचं वादन ‘ट्रायो’ या नावाने अल्बममध्ये आलं. ट्रायो म्हणजे तिघांचं वादन, पण रचनाकार म्हणून नावं लागली चौघांची. ब्रुफर्डने न वाजवायचं ठरवलं, हेच त्याचं योगदान असं बँडने मानलं.

तो अल्बम म्हणजे १९७४ चा ‘स्टारलेस अँड बायबल ब्लॅक’. ऐकताना तो साधा स्टुडिओ अल्बम वाटतो, पण त्यातल्या आठपैकी फक्त दोन रचना पूर्णपणे स्टुडिओत तयार झाल्या होत्या. बाकी माल मैफलींच्या टेपमधून काढलेला. काही रचना आधी बांधलेल्या होत्या, काही तिथल्या तिथे सुचलेल्या. टाळ्या कापून टाकल्या, काही ठिकाणी स्टुडिओत भर घातली. ‘द मिन्सर’ या रचनेचं वादन मैफलीतलं आणि गाण्याचे शब्द मात्र नंतर चढवलेले. ती शेवटी अशी तुटते, जणू कोणीतरी प्लग काढला.

आता तुम्ही म्हणाल, मग ही फसवणूक नाही का? लोकांसमोर वाजवलेलं कापायचं, जोडायचं आणि अल्बम म्हणून विकायचं?

बँडचा गिटारवादक रॉबर्ट फ्रिप आणि मंडळींनी १९९६ मध्ये याच्याही पुढची पायरी गाठली. तेव्हा किंग क्रिमसनमध्ये सहा वादक होते आणि त्यांची ‘थ्रॅक’ नावाची एक रचना होती. तिची सुरुवात आणि शेवट पक्का, पण मैफलीत मधला भाग मोकळा सोडलेला. तिथे रोज वेगळं काहीतरी घडायचं. १९९५ च्या अमेरिका आणि जपान दौऱ्यांतले हे मोकळे भाग डेव्हिड सिंगलटन या निर्मात्याने निवडून एकापुढे एक जोडले. पुढेमागे मूळ ‘थ्रॅक’ ठेवली आणि ‘थ्रॅकाटॅक’ हा अल्बम तयार झाला.

गाणं नाही, गुणगुणावी अशी चाल नाही, जवळपास तासभर नुसती खडखड, गुरगुर आणि मधूनच शांतता. कल्याणहून सीएसएमटीला जाणाऱ्या फास्ट लोकलमध्ये बसल्यावर लावला, तर उतरेपर्यंत संपेल. अर्थात ठाण्यापर्यंतच कानातले हेडफोन काढणारे बरेच निघतील. बँडच्या जुन्या चाहत्यांनाही हा अल्बम जड जातो. पण सिंगलटनचं काम नीट ऐकलं तर लक्षात येतं की इथे निवडणारा माणूसही एक प्रकारे रचनाकारच आहे. वेगवेगळ्या रात्रींचे तुकडे त्याने असे लावले आहेत की त्या रात्री एकमेकींना उत्तर देतात.

ठाणे-डोंबिवलीच्या श्रोत्याला आयत्या वेळी सुचलेलं संगीत नवीन नाही. गडकरी रंगायतन असो की सावित्रीबाई फुले कलामंदिर, ख्याल ऐकायला जाणारा माणूस बंदिशीइतकाच तिच्या पुढच्या बढतीसाठी जातो. कात्री आपल्याकडेही जुनीच आहे. ७८ च्या तबकडीवर एका बाजूला जेमतेम तीन-साडेतीन मिनिटं मावायची, त्यामुळे तासभराचा राग तेवढ्यातच बसवावा लागायचा.

मुंबईतलं उदाहरणही मजेशीर आहे. जॉन मॅकलॉफलिन आणि झाकीर हुसेन यांच्या ‘रिमेंबर शक्ती’चा ‘सॅटर्डे नाइट इन बॉम्बे’ हा अल्बम २००१ मध्ये आला. नाव शनिवारच्या रात्रीचं, पण ध्वनिमुद्रण ८ आणि ९ डिसेंबर २००० अशा दोन दिवसांचं. कॅलेंडर काढून पाहा, ८ तारखेला शुक्रवार होता! हा रॉक नाही आणि ‘थ्रॅकाटॅक’सारखी तोडफोडही नाही. पण ‘एक रात्र’ म्हणून आपण जे ऐकतो ते कधीकधी दोन रात्रींचं असतं, एवढं यावरून कळतं.

खरा पेच कात्रीचा नाही, नावाचा आहे. चौघांनी मिळून आयत्या वेळी काही वाजवलं, तर ते कोणाचं? रचनाकार म्हणून ज्याचं नाव लागतं, त्याला रचनेचे पैसे मिळत राहतात.

आपल्या १९५७ च्या कॉपीराइट कायद्यात संगीतकृती म्हणजे लिहिलेलं, छापलेलं किंवा स्वरलिपीत मांडलेलं संगीत, अशी मूळ व्याख्या होती. १९९४ च्या दुरुस्तीत ती अट गेली. २०१२ च्या दुरुस्तीत कलाकाराला त्याच्या सादरीकरणाच्या व्यावसायिक वापराबद्दल रॉयल्टीचा हक्क मिळाला. म्हणजे कागदावर एकही स्वर न उतरवता वाजवलेल्या संगीतालाही कायद्यात जागा आहे. पण चौघांत कोणाचा वाटा किती, हे कायदा बँडच्या खोलीत येऊन सांगत नाही. ते आपसातच ठरवावं लागतं.

डोंबिवलीत मित्राच्या घरी सराव करणाऱ्या आणि मोबाइलवर तो रेकॉर्ड करून ठेवणाऱ्या कॉलेजच्या बँडला हे लांबचं वाटेल. पण त्या तासाभराच्या रेकॉर्डिंगमधली चाळीस सेकंदं उद्या गाणं म्हणून अपलोड झाली, की पहिला वाद इथेच होतो: ती सुरावट आधी वाजवली कोणी, आणि तबला किंवा ड्रमवाल्याने फक्त ‘साथ’ केली का? किंग क्रिमसनने निदान ‘ट्रायो’पुरतं उत्तर दिलं होतं. जो खोलीत होता आणि ऐकत होता, त्याचंही नाव.

ऐकायचं असेल तर सुरुवात ‘ट्रायो’पासून करा. मग १९९७ मध्ये निघालेला ‘द नाइट वॉच’ लावा. त्यात ॲमस्टरडॅमची तीच मैफल सलग आहे, टाळ्यांसकट. अल्बमसाठी काय कापलं आणि काय ठेवलं, ते दोन्ही शेजारी ठेवून ऐकलं की समजतं. ‘थ्रॅकाटॅक’ सगळ्यात शेवटी, आणि शक्यतो घरात दुसरं कोणी नसताना.