‘मोआना’त न दिसलेला सामोआ

डिस्नेची ‘मोआना’ घरोघरच्या पोरांना तोंडपाठ आहे, तेव्हा तिची गोष्ट इथे सांगत बसत नाही. त्याच नावाच्या एका मूकपटाला मात्र यंदा शंभर वर्षं झाली, आणि त्याची आठवण फारशी कुणी काढलेली दिसत नाही. रॉबर्ट फ्लॅहर्टीचा ‘मोआना’ फेब्रुवारी 1926मध्ये न्यूयॉर्कला झळकला. त्याच्या परीक्षणात जॉन ग्रिअर्सनने ‘डॉक्युमेंटरी’ हा शब्द वापरला आणि पुढे तो अख्ख्या चित्रप्रकाराला चिकटला.

त्याचा आधीचा चित्रपट ‘नानूक’ गाजल्यावर पॅरामाउंटने पैसे पुरवले आणि फ्लॅहर्टी 1923मध्ये बायकोमुलींसह सामोआच्या सवाई बेटावर, सफुने गावी जाऊन राहिला. तिथली माणसं तोवर सुती कपडे घालू लागली होती, चर्चमध्ये जाऊ लागली होती. त्याने त्यांना झाडाच्या सालीची जुनी वस्त्रं नेसवली. नायक झालेल्या तरुणाला पैसे देऊन कंबरेपासून गुडघ्यापर्यंत गोंदवून घ्यायला लावलं. ते काम कित्येक आठवडे चाललं.

या नाटकीपणावरून अभ्यासक फ्लॅहर्टीला झोडपत आलेत. मला ती टीका अर्धीच पटते. पोराच्या वेदना खऱ्या होत्या, आणि गोंदणं तर सामोआत कधी बंद पडलंच नव्हतं. माझी तक्रार वेगळी आहे.

7 नोव्हेंबर 1918 रोजी ऑकलंडहून आलेलं ‘तलून’ हे जहाज सामोआतल्या अपिया बंदराला लागलं. त्यावर इन्फ्लुएंझाचे रोगी होते. तेव्हा सामोआवर राज्य करणाऱ्या न्यूझीलंडच्या लष्करी प्रशासनाने त्यांना उतरू दिलं. पुढच्या काही आठवड्यांत सुमारे साडेआठ हजार माणसं गेली, म्हणजे दर पाचांतलं एक. शेजारच्या अमेरिकी सामोआने जहाजं रोखून धरली आणि तिथे एकही बळी गेला नाही! फ्लॅहर्टी पोचला तेव्हा याला पाच वर्षंही झाली नव्हती. वर्षाहून जास्त काळ तो त्या समाजात राहिला, आणि पडद्यावर आणलं काय, तर नारळ, मासेमारी आणि नाच. साथीचा राग लोकांच्या मनात खदखदत होताच. 1929 साली अपियात स्वराज्य मागणाऱ्या ‘माउ’ चळवळीच्या मिरवणुकीवर न्यूझीलंडच्या पोलिसांनी गोळ्या झाडल्या.

पॉलिनेशियातला असला राग पडद्यावर यायला घरचंच माणूस लागलं. मेराटा मिता ही न्यूझीलंडची माओरी, म्हणजे पॉलिनेशियनच, बाई, मूळची शाळामास्तरीण. ऑकलंडच्या बॅस्टियन पॉइंटवर नाती फातुआ या माओरी जमातीने आपल्या जमिनीसाठी 506 दिवस ठिय्या दिला होता. 25 मे 1978 रोजी पोलीस आणि लष्कराने तो उठवला, 222 जणांना अटक केली. मिता तेव्हा आपल्या दोन सहकाऱ्यांसह तिथे चित्रण करत होती. पुढे 1981मध्ये वर्णद्वेषी दक्षिण आफ्रिकेचा रग्बी संघ आला, तेव्हा ती निदर्शकांबरोबर रस्त्यावर होती. पोलिसांपासून रिळं लपवत तिने त्यावरचा ‘पाटू!’ हा माहितीपट पुरा केला. तो 1983मध्ये आला. तिच्या चित्रपटांना तटस्थ म्हणता येणार नाही. पण मग फ्लॅहर्टी तरी कुठे तटस्थ होता?

शताब्दीच्या निमित्ताने ‘मोआना’ जरूर बघा, त्याचं छायाचित्रण आजही देखणं आहे. त्याआधी मात्र मिताचा ‘बॅस्टियन पॉइंट: डे 507’ बघा. तो अर्ध्या तासाचाही नाही.