अर्ध्या पटाएवढी फाईल

‘मैंदर्गी’ हा शब्द संगणकात साठवायला २४ बाइट लागतात. म, ऐकाराची मात्रा, अनुस्वार, द, र, हलन्त, ग आणि दीर्घ वेलांटी अशा आठ खुणा, आणि युनिकोडच्या आज रूढ असलेल्या पद्धतीत देवनागरीची प्रत्येक खूण तीन बाइट खाते. रोमन लिपीत हेच नाव ९ बाइटांत आटोपतं. अक्कलकोट तालुक्यातलं, कर्नाटकच्या सीमेला टेकलेलं, कानडी आणि मराठी एकाच दमात बोलणारं हे गाव. त्याच्या नावाचे २४ बाइट हे आजच्या लेखाचं वजनमाप समजा.

आता पारड्यात दुसरी वस्तू टाकू. बेल्जियमच्या लारियन कंपनीचा ‘बाल्डर्स गेट ३’ हा खेळ ऑगस्ट २०२३ मध्ये आला. तो संगणकावर १५० जीबी मोकळी जागा मागतो. तेवढ्या जागेत ‘मैंदर्गी’ हा शब्द ६२५ कोटी वेळा मावतो. स्वामींचं अक्कलकोट शेजारीच, त्यामुळे जपाचा हिशेब इथल्या माणसाला शिकवायला नको: १०८ मण्यांच्या ५ कोटी ७८ लाख माळा. सेकंदाला एक मणी, जेवण नाही, झोप नाही, असं धरलं तरी जप संपायला १९८ वर्षं लागतील. एक खेळ, एका पोराच्या संगणकात.

हा खेळ दोन तऱ्हांनी विकत मिळतो. एका तऱ्हेत दुकानाचं स्वतःचं सॉफ्टवेअर संगणकात बसवावं लागतं, आणि खेळ आपल्याकडे असला तरी त्याची किल्ली बऱ्याचदा दुकानाच्या सर्व्हरकडे असते. या कुलपाला डीआरएम म्हणतात. दुसऱ्या तऱ्हेत कुलूपच नाही. पोलंडच्या सीडी प्रोजेक्ट कंपनीने २००८ मध्ये ‘गुड ओल्ड गेम्स’, म्हणजे आजचं जीओजी, हे दुकान सुरू केलं ते याच तत्त्वावर. पैसे भरा, इन्स्टॉलरच्या फाईली उतरवून घ्या, आणि मग इंटरनेटची वायर उपटून टाकलीत तरी त्या चालतील. आज चालतील, दहा वर्षांनीही चालतील. पुण्याच्या नोडिंग हेड्स गेम्सने केलेला ‘राजी’ हा २०२० चा खेळही या दुकानात असाच बिनकुलपाचा मिळतो.

अडचण एकच, ती उतरवण्याची. हिशेबाला सोपं जावं म्हणून १५० जीबीची जागा हीच फाईल मानू. मोबाइलवर रोज दीड जीबीचा पॅक असेल, तर १५० भागिले दीड म्हणजे १०० दिवस. रात्री बारा वाजता नवा कोटा सुरू होणार आणि फाईल एक टक्का पुढे सरकणार. गुढी उभारल्यावर डाउनलोडचं बटण दाबलं, तर मध्ये अधिक महिना न आल्यास खेळ पूर्ण उतरायला आषाढी एकादशी उजाडते. तोवर पालख्या आपल्याच जिल्ह्यात, पंढरपुरात पोचलेल्या असतात. त्या चालत येतात आणि फाईलच्या बरोबरीने पोचतात. आणि या तीन महिन्यांत घरात दुसऱ्या कुणी एकही व्हिडिओ पाहायचा नाही. हे जमणारं घर माझ्या पाहण्यात नाही.

तरी हे आजचं सुख आहे. भारतात सर्वसामान्यांसाठी इंटरनेट सुरू झालं ते १५ ऑगस्ट १९९५ रोजी, विदेश संचार निगमच्या हातून. फोनच्या तारेवरून सेकंदाला ९,६०० बिट, म्हणजे १,२०० बाइट यायचे. त्या वेगाने ही फाईल उतरवायला जवळजवळ चार वर्षं लागली असती, आणि तेवढी चार वर्षं घरचा फोन एंगेज. त्या काळात खेळ फ्लॉपीवर फिरत. संगणकाच्या क्लासमध्ये ज्यांनी ‘प्रिन्स’ला काट्यांवरून उड्या मारायला लावल्या, त्यांना आठवत असेल की तो राजपुत्र, त्याचा महाल आणि पहारेकरी एकाच फ्लॉपीत मावत. फ्लॉपीची मजल १४,७४,५६० बाइट. ‘बाल्डर्स गेट ३’साठी अशा १,०१,७२६ फ्लॉप्या लागतील. एकावर एक रचल्या तर सुमारे ३३६ मीटरची चळत होते. विजापूरचा गोलघुमट ५१ मीटर. एकावर एक साडेसहा गोलघुमट. दर मिनिटाला एक फ्लॉपी बदलली तरी नुसतं बदलत बसायलाच ७० दिवस. शंभरावी फ्लॉपी खराब निघाली की काय वाटायचं, हे ज्यांनी भोगलंय त्यांनाच ठाऊक.

जीओजीवरच्या मोठ्या खेळाचा इन्स्टॉलरही एका अखंड फाईलमध्ये येत नाही. एक छोटी सेटअप फाईल आणि तिच्यामागे साधारण ४ जीबीपर्यंतचे तुकडे, आगगाडीच्या डब्यांसारखे. १५० जीबीचे असे ३५ डबे झाले. दीड जीबीच्या रोजच्या पॅकवर एक डबा यायला तीन दिवस. आणि हे ४ जीबीचं माप एका जुन्या कुंपणात नेमकं बसतं. बहुतेक जुन्या पेनड्राइव्हवर जी फॅट-३२ नावाची मांडणी असते, तिच्यात फाईलची लांबी लिहायला ३२ बिटांचाच रकाना आहे. म्हणून फाईल फार तर ४,२९,४९,६७,२९५ बाइटांची असू शकते. पेनड्राइव्ह ६४ जीबीचा असला तरी यापुढच्या एका बाइटला तो दार उघडत नाही.

हा आकडा आपण लहानपणी ऐकलेला आहे. बुद्धिबळ शोधणाऱ्याने राजाकडे बक्षीस मागितलं: पटाच्या पहिल्या घरात एक दाणा, दुसऱ्यात दोन, तिसऱ्यात चार, असं दुप्पट करत जा. राजा हसला, ही गोष्ट सर्वांना माहीत आहे. पण अर्धा पट, म्हणजे पहिली ३२ घरं भरल्यावर एकूण दाणे किती होतात? ४,२९,४९,६७,२९५. पेनड्राइव्हचं कुंपण आणि अर्ध्या पटावरचे दाणे एका आकड्याचाही फरक न होता सारखे. यात चमत्कार नाही. बिट म्हणजेच दुप्पट करत जाणं, आणि ३२ बिटांचा रकाना म्हणजे ३२ घरांचा पट.

राजाकडे गहू होता की तांदूळ यावर गोष्ट सांगणारे भांडतात. आपण सोलापूर जिल्ह्यात आहोत, ज्वारी धरू, आणि तीही मोहोळच्या केंद्राने नावारूपाला आणलेली मालदांडी. एका ग्रॅमला साधारण ३० दाणे धरले, तर अर्धा पट १४३ टनांवर जातो. क्विंटलची १,४३१ पोती. अक्कलकोटच्या बाजारात एखाद्या दिवशी इतका माल दिसला तर लोक वळून बघतील, पण कुणी चक्कर येऊन पडणार नाही. अर्ध्या पटापर्यंत राजा तगतो. इन्स्टॉलरचा एक डबा म्हणजे ही १,४३१ पोती, दर दाण्याला एक बाइट. पूर्ण खेळ म्हणजे असे ३५ बाजार.

आणि यातला एक दाणाही इकडचा तिकडे झालेला चालत नाही. १५० जीबीमध्ये १,२०,००० कोटी बिट असतात. ते खरे उतरलेत का, हे तपासायला एमडी-५ नावाची ठशांची पद्धत आहे. अमेरिकेच्या रोनाल्ड रिव्हेस्ट यांनी ती १९९१ मध्ये रचली. फाईल कितीही मोठी असो, तिच्यातून १२८ बिटांचा, म्हणजे ३२ अक्षर-अंकांचा एक ठसा निघतो. मूळ फाईलचा ठसा आणि आपल्या फाईलचा ठसा जुळला की झालं. मधला एकच बिट उलटला तरी सुमारे अर्धा ठसा बदलतो. बिघडलेल्या फाईलचा ठसा निव्वळ योगायोगाने मूळ ठशाशी जुळण्याची शक्यता २ च्या १२८ व्या घातात एक. हा आकडा ३९ अंकी आहे.

तो उच्चारायचा कसा? भास्कराचार्यांनी ११५० च्या ‘लीलावती’त दहाच्या पटीतल्या संख्यांची नावं दिली आहेत: कोटी, अर्बुद, अब्ज, खर्व, निखर्व, महापद्म, शंकू, जलधी, अंत्य, मध्य आणि शेवटी परार्ध, म्हणजे एकावर १७ शून्यं. आपल्या खेळातले बिट १.२ महापद्म. ठशाची संख्या मात्र परार्धालाही पुरून उरते. परार्धातल्या प्रत्येक एककाच्या पदरात आणखी एक परार्ध घातला आणि असे ३४ हजार ढीग केले, की तिच्या जवळपास जाता येतं. फक्त एवढं ध्यानात ठेवा की हा भरवसा अपघाताविरुद्ध आहे, लबाडीविरुद्ध नाही. मुद्दाम एकसारखा ठसा असलेल्या दोन वेगळ्या फाईली बनवता येतात, हे २००४ मध्येच सिद्ध झालं. म्हणून फाईल मूळ दुकानातूनच घ्यावी. कुलूप नाही म्हणजे गावभर वाटायची मुभा आहे असंही नाही.

आता पट पूर्ण भरू. ६४ घरांवरचे एकूण दाणे १,८४,४६,७४,४०,७३,७०,९५,५१,६१५. म्हणजे १८४ परार्ध. ज्वारीच्या मापात ६१ हजार कोटी टन. सगळ्या जगात वर्षाला साधारण २८० कोटी टन धान्य पिकतं. पृथ्वीवर सगळ्यांनी २२० वर्षं उपास केला तर राजाचं देणं फिटेल.

या आकड्यात एक मिळवा. ‘नो मॅन्स स्काय’ नावाच्या खेळात बरोबर तेवढे ग्रह आहेत. इंग्लंडच्या हॅलो गेम्स या छोट्या चमूने तो ऑगस्ट २०१६ मध्ये आणला. प्रत्येक ग्रहावर एकच सेकंद थांबायचं ठरवलं तर ५८ हजार कोटी वर्षं लागतात, विश्वाच्या आजवरच्या वयाच्या ४२ पट. पृथ्वीवरच्या ८०० कोटी माणसांत वाटले तर माणशी २३० कोटी ग्रह. आणि हा खेळ आला तेव्हा जागा मागत होता १० जीबी! जीओजीवर तोही बिनकुलपाचा मिळतो. दीड जीबीच्या पॅकवर सात दिवस. सोमवारी सुरुवात केली तर रविवारी रात्री १८४ परार्ध ग्रह घरात.

मग ‘बाल्डर्स गेट’ला शंभर दिवस आणि याला एक आठवडा, हे कसं? तिथे नटांनी बोललेलं, हावभावांसकट टिपलेलं सगळं जसंच्या तसं साठवलेलं आहे. लारियनने स्वतः सांगितलेला दृश्यांचा हिशेबच १७४ तासांचा. इकडे एकही ग्रह साठवलेला नाही. साठवली आहे ती रीत. ग्रहाचा क्रमांक घालायचा, रीत चालवायची, डोंगर-पाणी-प्राणी त्या क्षणी तयार; पाठ फिरवली की पुसलं. शंभर माणसांचं जेवण डब्यात भरून नेणं आणि आचाऱ्याला पाठवणं यांतला हा फरक. ६४ बिटांचा क्रमांक, म्हणून ६४ घरांचा पट. मला विचाराल तर आचाऱ्याच्या हातचं पाचव्या ग्रहापासून सारखंच लागायला लागतं, पण हिशेबापुढे जिभेचं काय चालतं.

शंभर दिवस थांबायचं नसेल तर गावाकडे आणखी एक रस्ता आहे: एसटी. सोलापूर ते मैंदर्गी साधारण ५० किलोमीटर, अक्कलकोटचा थांबा धरून दोन तास म्हणू. सोलापुरात वेगवान लाइन असलेल्या नातेवाइकाच्या घरी तुमच्याच खात्यातून फाईली उतरवल्या, ४ टीबीची हार्ड डिस्क भरली आणि पिशवीत घालून लाल परीत बसलात, तर तुमच्या पिशवीचा वेग सेकंदाला ५५ कोटी बाइट पडतो. सेकंदाला १०० मेगाबिटच्या फायबर लाइनच्या ४४ पट. खड्डे धरून. हार्ड डिस्क सोडा, १ टीबीची नखाएवढी मेमरी कार्डं एक लिटरच्या तांब्यात भरली तर फटी सोडूनही ५,००० मावतील. भास्कराचार्यांच्या मापात ५ अंत्य बाइट. तो तांब्या मांडीवर धरून निघालात तर सेकंदाला साडेचार ‘बाल्डर्स गेट’ मैंदर्गीच्या दिशेने सरकत असतात. तिकीट एकाच माणसाचं.

एवढी यातायात कशाला, हा प्रश्न बरोबर आहे. युबिसॉफ्टचा ‘द क्रू’ हा गाड्यांच्या शर्यतीचा खेळ २०१४ मध्ये विकायला आला, १ कोटी २० लाखांहून जास्त लोकांनी तो खेळला, आणि ३१ मार्च २०२४ रोजी कंपनीने सर्व्हर बंद केले. डिस्क कपाटात आहे, खेळ सुरू होत नाही. अमेरिकेतल्या व्हिडिओ गेम हिस्ट्री फाउंडेशनने २०२३ मध्ये मोजदाद केली, तेव्हा २०१० पूर्वी तिथे निघालेल्या जुन्या खेळांतले १०० पैकी ८७ बाजारात मिळेनासे झालेले आढळले. १८४ परार्ध ग्रहांचा मालक असूनही किल्ली दुसऱ्याच्या खिशात असेल, तर एका ईमेलने सगळं आकाश जाऊ शकतं. कपाटातली फाईल तशी जात नाही.

ती जाते वेगळ्या तऱ्हेने, हार्ड डिस्क पडून. म्हणून ज्यांनी पाडव्यापासून एकादशीपर्यंत फाईल उतरवली आहे त्यांनी ३५ डबे एकाच फोल्डरमध्ये आहेत ना ते मोजावं, बसवण्यापूर्वी डिस्कवर आणखी १५० जीबी मोकळी ठेवावी, कारण इन्स्टॉलर आणि बसलेला खेळ दोन्हींना जागा लागते, आणि दुसऱ्या डिस्कवर एक प्रत आजच करून ठेवावी. १०१ व्या दिवसाची वाट पाहू नये.