हप्ता परवडतो, मुदत परवडते का?

माझा व्यवसाय शब्दांचा; पण घराच्या कर्जाबद्दल आज थोडे आकडे सांगतो. कर्ज घेताना आपण विचारतो, हप्ता किती? मंडळी, त्याबरोबर हेही विचारा, शेवटपर्यंत एकूण भरायचे किती?

समजा, कर्ज ३० लाखांचं, व्याज साडेआठ टक्के, मुदत २० वर्षं. हप्ता येतो सुमारे २६,०३५ रुपये. पहिल्या हप्त्यातले २१,२५० रुपये व्याजातच जातात. मुद्दल फिटतं अवघं ४,७८५. वीस वर्षांत भरणा होतो साडेबासष्ट लाखांच्या आसपास. मुदत ३० वर्षं केली, तर हप्ता जेमतेम तीन हजारांनी उतरतो आणि एकूण भरणा ८३ लाखांवर जातो.

बदलत्या व्याजदरात मुदत आपल्या नकळतही वाढते. मे २०२२ ते फेब्रुवारी २०२३ या काळात रेपो दर ४ वरून साडेसहा टक्क्यांवर गेला. अनेकांचा हप्ता तोच राहिला, वर्षं मात्र वाढली. ऑगस्ट २०२३ मध्ये रिझर्व्ह बँकेने बजावलं, हप्ता वाढवायचा की मुदत, हे कर्जदाराला निवडू द्या. तेव्हा बँकेचं पत्र आलं की ते वाचा. झेपत असेल तर हप्ता वाढवा.

बोनस मिळाला तर मुद्दलात भरा. वर्षाला एक जादा हप्ता भरला, तर वरच्या हिशेबातलं वीस वर्षांचं कर्ज तीन वर्षांहून अधिक आधी फिटतं. आणि सहीपूर्वी हप्त्याला महिन्यांनी गुणा. घराची खरी किंमत त्या गुणाकारात आहे.