निकालाची नक्कल आणि अपिलाची मुदत

आपण अंधेरी-बोरिवलीची, घाटकोपर-मुलुंडची माणसे. सकाळी लोकलने गेलेला माणूस संध्याकाळी परत येतो, या भरवशावर आपले संसार चालतात. एखाद्या घरी तो भरवसा खोटा ठरतो. गाडीतून पडून माणूस दगावला, तर त्याच्या वारसांना १९८७ च्या कायद्यान्वये स्थापन झालेल्या रेल्वे दावे न्यायाधिकरणाकडे भरपाई मागता येते. १ जानेवारी २०१७ पासून मृत्यूबद्दल ही रक्कम ८ लाख रुपये आहे. पण अर्ज फेटाळला गेला तर? उच्च न्यायालयात अपील करावयास आदेशाच्या तारखेपासून ९० दिवसांची मुदत असते. त्या अपिलासाठी आदेशाची प्रमाणित प्रत, म्हणजेच सहीशिक्क्याची नक्कल हवी.

ही नक्कल म्हणजे कोणा कारकुनाची मेहेरबानी नव्हे. १८७२ च्या पुराव्याच्या कायद्याच्या कलम ७६ ने तो हक्क दिला होता. १ जुलै २०२४ पासून तोच भारतीय साक्ष्य अधिनियमाच्या कलम ७५ मध्ये आहे. ज्याला कागद पाहण्याचा हक्क आहे, त्याने फी भरून मागणी केली की अधिकाऱ्याने नक्कल दिली पाहिजे. तिच्या तळाशी ती खरी असल्याचा दाखला, तारीख, नाव, हुद्दा व सही हवी.

आता मुदतीचा हिशेब पाहू. १९६३ च्या मुदतीच्या कायद्याचे कलम १२ सांगते की, नक्कल मिळण्यास लागलेला आवश्यक काळ अपिलाच्या मुदतीत धरू नये. समजा, आदेश १ जूनला झाला. मुदत ३० ऑगस्टला संपते. आपण ११ जूनला अर्ज केला व नक्कल ३० जूनला तयार झाली. दोन्ही दिवस धरून हे २० दिवस वजा होतात आणि मुदत १९ सप्टेंबरपर्यंत जाते. मात्र अर्जापूर्वी आपण घरी बसून घालविलेले दिवस परत मिळत नाहीत. तयार नक्कल १५ जुलैला आणली, तर ते वाढीव दिवसही आपल्याच खाती. मुदत संपल्यावर केलेल्या अर्जाचा तर काहीच उपयोग नाही.

काही ठिकाणी पक्षकारास एक प्रत विनामूल्य मिळते. ग्राहक आयोगात तशी सोय आहे. मोटार अपघात न्यायाधिकरणाने तर निवाड्याची प्रत १५ दिवसांत द्यावी, असे कायदाच म्हणतो. पण तिची वाट पाहत बसणे धोक्याचे. दिवाळखोरीच्या एका प्रकरणात फुकट प्रत आली नाही म्हणून थांबलेल्या अपीलदाराला सर्वोच्च न्यायालयाने २०२१ मध्ये मुदतीची सवलत नाकारली. त्याने नकलेसाठी अर्जच केला नव्हता.

विरुद्ध निकाल ऐकून मन सुन्न होते. अपील करावे की नाही, हे त्या दिवशी ठरत नाही. ते सावकाश ठरवावे. नकलेचा अर्ज मात्र त्याच दिवशी द्यावा, फी भरावी, पावती जपून ठेवावी आणि नक्कल तयार होताच घेऊन यावी.